हुकूमनामा मिळाला; पुढे काय?

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले आहेत. ह्या म्हणीत न्यायदेवतेचा अवमान आहे असे कोणी म्हणेल. आमच्या मते तीत अवमानाहून अनुभव अधिक आहे. तथापि आज आम्हांस लिहावयाचे आहे ते पायरी चढावी की न चढावी ह्या विवंचनेत पडलेल्या माणसाविषयी नव्हे. जो ती चढला, वर्षानुवर्षे तारखा करून दावा जिंकला आणि न्यायालयाचा शिक्का असलेला हुकूमनामा घेऊन खाली उतरला, त्याचे पुढे काय होते, हा आजचा प्रश्न आहे.

हा प्रश्न आम्ही उकरून काढलेला नाही. देशाच्या सर्वोच्च न्यायालयानेच तो चव्हाट्यावर आणला आहे. तामिळनाडूतील एका जमिनीच्या खरेदीकराराचा दावा १९८० च्या दशकात दाखल झाला आणि वादी तो जिंकलाही. पण ताब्याचे भांडण दिल्लीपर्यंत पोचेतो वादी हयात राहिला नव्हता; खटला वारसांच्या हाती आला होता. ६ मार्च २०२५ रोजी ह्या प्रकरणाचा निकाल देताना न्यायमूर्ती पारडीवाला व मिथल ह्यांनी एवढ्यावर न थांबता सर्व उच्च न्यायालयांना फर्माविले की, आपापल्या अधिकारक्षेत्रातील दिवाणी न्यायालयांत हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची किती प्रकरणे पडून आहेत ह्याची मोजदाद करा आणि ती सहा महिन्यांत निकालात काढावयास लावा. ऑक्टोबर २०२५ मध्ये मोजदाद पुढे आली. सहा महिन्यांत ३ लाख ३८ हजारांवर प्रकरणे निकाली निघाली होती. तरीही ८ लाख ८२ हजारांहून अधिक शिल्लक होती, आणि ह्या बेरजेत कर्नाटकाचा आकडा आलेलाच नव्हता. सर्वोच्च न्यायालयाने ही स्थिती अत्यंत निराशाजनक व चिंताजनक म्हटली आणि आणखी सहा महिन्यांची मुदत दिली.

मराठी वाचकाने मान खाली घालावी असा भाग ह्यापुढे आहे. ह्या ८ लाख ८२ हजारांपैकी ३ लाख ४१ हजारांवर प्रकरणे एकट्या मुंबई उच्च न्यायालयाच्या अधिकारक्षेत्रातील होती. दुसऱ्या क्रमांकावरच्या तामिळनाडूचा आकडा एक लाखाच्याही आत होता. लोकसंख्येत महाराष्ट्र व गोवा मिळून देशाच्या दहाव्या हिश्श्याइतकेही नाहीत. पडून राहिलेल्या हुकूमनाम्यांत मात्र आमचा वाटा शंभरांत अडतीसहून अधिक. आमच्याकडील मोजणी इतरांहून प्रामाणिक असेल, आमच्याकडे लोक हक्कासाठी अधिक भांडत असतील, दुसऱ्या कोठे अशा प्रकरणांची नोंदच वेगळ्या सदराखाली होत असेल. ही सारी स्पष्टीकरणे आम्ही ऐकून घेऊ. परंतु त्यांतले एकही ह्या अंतराला पुरे पडेल असे वाटत नाही. ज्या प्रांताने रानडे, तेलंग आणि चंदावरकर ह्यांच्यासारखे न्यायाधीश दिले, त्या प्रांतातील दिवाणी न्यायालयांची ही अवस्था आहे.

महाराष्ट्रातल्या न्यायालयांत अंमलबजावणीच्या अर्जाला ‘दरखास्त’ म्हणतात. शब्द ऐकावयास नम्र आहे आणि दरखास्तदाराची स्थितीही तशीच असते. दावा जिंकला म्हणजे न्यायालय आपणहून उठून प्रतिवादीच्या दाराशी जाते अशी कल्पना करणारा माणूस पहिल्याच आठवड्यात शहाणा होतो. आधी हुकूमनाम्याची नक्कल मिळवावी लागते. मग दरखास्त दाखल होते. हुकूमनाम्याला दोन वर्षे उलटून गेली असली तर सामनेवाल्याला आधी नोटीस द्यावी लागते. नोटिशीचा भत्ता भरावयाचा, ती नाझराकडे जावयाची, नाझराने ती बेलिफाकडे द्यावयाची, बेलिफाने दारावर जावयाचे. ‘इसम मिळून आला नाही’, ‘घरास कुलूप’, ‘पत्ता अपुरा’ असे चार-दोन शब्दांचे अहवाल कागदाच्या पाठीवर येतात आणि रोजनाम्यात तीनच शब्द उमटतात: नोटीस पुन्हा काढावी. दोन-तीन महिने गेले. पुढल्या खेपेस तेच घर, तेच कुलूप. सामनेवाला गावातच आहे, रोज संध्याकाळी चौकात दिसतो, हे दरखास्तदाराला ठाऊक असते, बेलिफालाही ठाऊक असते. कागदाला तेवढे ठाऊक नसते.

नोटीस बजावली गेलीच, तर हरकती सुरू होतात. रकमेचा हुकूमनामा असेल तर ऋणकोच्या मालमत्तेचा शोध धनकोनेच घ्यावयाचा. ताब्याचा असेल तर ऐन वेळी एखादा त्रयस्थ दारात उभा राहून आपण स्वतंत्र हक्काने येथे राहतो असे सांगतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या एकविसाव्या आदेशाने असल्या हरकतींचा निर्णय त्याच न्यायालयाने, त्याच दरखास्तीत द्यावा असे ठरविले आहे. हेतू चांगला होता, दुसरा दावा टळावा हा. व्यवहारात दरखास्तीच्या पोटात दुसरा दावाच सुरू होतो: कैफियत, सरतपास, उलटतपास, युक्तिवाद. तोही संपला तर ताब्याचे वॉरंट निघते. मग बेलीफ परत येऊन सांगतो की चतुःसीमा जुळत नाहीत. किंवा विरोध झाला, पोलीस बंदोबस्त हवा. बंदोबस्ताचे पैसे भरले की पोलीस ठाण्याकडून उत्तर येते की सध्या उत्सव आहेत, किंवा निवडणूक आहे, मनुष्यबळ उपलब्ध नाही. हिंदुस्थानात पक्षकाराच्या अडचणी खऱ्या अर्थाने सुरू होतात त्या हुकूमनामा मिळाल्यावर, असा अभिप्राय लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ साली दिला होता. दीडशे वर्षांत साम्राज्य गेले, प्रजासत्ताक आले, संहिता नवी झाली, तिच्यात दुरुस्त्या झाल्या. प्रिव्ही कौन्सिलचा अभिप्राय मात्र दुरुस्त करण्याची पाळी आली नाही.

शेतजमिनीच्या वाटपाच्या दाव्यांची कथा तर आणखी निराळी आहे, आणि ती शहरातल्या वाचकालाही परकी नाही. कारण मुंबई-पुण्यात नोकरी करणाऱ्या कितीतरी घरांची एक दोरी अजून गावच्या सातबाऱ्याला बांधलेली असते. बहिणीने भावांवर वाटपाचा दावा लावला आणि न्यायालयाने तिचा हिस्सा ठरवून दिला, तरी प्रत्यक्ष वाटप न्यायालय करीत नाही. संहितेच्या चौपन्नाव्या कलमान्वये साराबंदी जमिनीचे वाटप जिल्हाधिकाऱ्याने करावयाचे असते. म्हणून कागद जिल्हाधिकाऱ्याकडे जातात, तेथून तहसीलदाराकडे, तेथून मोजणीसाठी भूमि अभिलेख खात्याकडे. न्यायालयाच्या दप्तरी प्रकरण ‘जिल्हाधिकाऱ्याकडे पाठविले’ म्हणून शांत झोपते आणि मुलकी दप्तरात ते न्यायालयाचे म्हणून कोणी जागे करीत नाही. प्राथमिक हुकूमनाम्यानंतर अंतिम हुकूमनाम्यासाठी पक्षकाराने पुन्हा अर्ज करण्याची वाट न पाहता न्यायालयाने आपणहून प्रकरण पुढे चालवावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली स्पष्ट सांगितले आहे. परंतु न्यायालयाच्या दाराबाहेर गेलेला कागद परत कधी येईल हे कोणी सांगावयाचे?

आता ज्या मुद्द्यासाठी आम्ही हा विषय पहिल्या पानावर घेतला आहे त्याकडे येतो. मार्च २०२५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने असेही म्हटले आहे की, सहा महिन्यांत प्रकरणे निकालात निघाली नाहीत तर संबंधित न्यायालयाचा पीठासीन अधिकारी उच्च न्यायालयाच्या प्रशासकीय बाजूस उत्तरदायी राहील. म्हणजे जबाब द्यावयाचा तो तालुक्याच्या गावी बसलेल्या दिवाणी न्यायाधीशाने. वर आम्ही दरखास्तीचा जो प्रवास सांगितला त्यात ह्या न्यायाधीशाच्या लेखणीचा भाग किती आणि इतरांच्या हातापायांचा किती, हे वाचकाने पुन्हा मोजून पाहावे. नक्कल देणारा कारकून, नाझर, बेलीफ, मोजणीदार, तहसीलदार, पोलीस निरीक्षक ह्या सर्वांमधून कागद फिरतो. आणि जबाब मात्र अशा एकट्याचा मागितला जातो की ज्याला ह्यांपैकी निम्म्यांस आज्ञा करण्याचा अधिकार असला तरी ती पाळून घेण्याचे साधन नाही. विलंब आहे तो बव्हंशी कचेरीचा. देखरेख होते ती न्यायासनाची. रोगावर औषध आहे, पण ते शेजारच्या खाटेवरील रोग्यास पाजले जात आहे, असे आम्हांस वाटते.

देखरेखीचा अधिकार उच्च न्यायालयांस नव्याने मिळालेला नाही. १८६१ च्या ज्या कायद्याने मुंबईचे उच्च न्यायालय जन्मास आले, त्याच्या पंधराव्या कलमातच हाताखालील न्यायालयांवर देखरेख करण्याचा, त्यांच्याकडून विवरणपत्रे मागविण्याचा आणि कामकाजाचे नियम व नमुने ठरविण्याचा अधिकार लिहिलेला होता. आपल्या राज्यघटनेच्या २२७ व्या अनुच्छेदात तो कायम राहिला. २३५ व्या अनुच्छेदाने जिल्हा व दुय्यम न्यायालयांवरील नियंत्रण उच्च न्यायालयाकडे सोपविले. हे नियंत्रण नावापुरते नसून शिस्तभंगाच्या कारवाईचा अधिकार त्यात येतो, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने १९६५ साली पश्चिम बंगालच्या एका प्रकरणात दिला. त्याआधी १९५४ साली वर्यामसिंग प्रकरणात देखरेखीची मर्यादाही आखून दिलेली होती: ती प्रशासकीय आहे तशी न्यायिकही आहे, परंतु दुय्यम न्यायालयांस त्यांच्या मर्यादेत ठेवण्यासाठी ती वापरावी, त्यांच्या प्रत्येक चुकीची दुरुस्ती करण्यासाठी नव्हे.

घटनेच्या त्या २२७ व्या अनुच्छेदाचे दुसरे उपकलम वकीलमंडळी सहसा वाचीत नाहीत. त्यात युक्तिवादाला खाद्य नाही. पण आमच्या मते सगळे मर्म तेथे आहे. विवरणपत्रे मागवा, कामकाजाचे नियम करा, आणि न्यायालयाच्या अधिकाऱ्यांनी वह्या, नोंदी व हिशेब कोणत्या नमुन्यात ठेवावेत ते ठरवा, असे ते उपकलम म्हणते. आणि त्याच्या पुढच्याच उपकलमात न्यायालयातील कारकून व अधिकाऱ्यांना द्यावयाच्या फीचे कोष्टक आहे. घटनाकारांनी स्वातंत्र्य, समता, बंधुता लिहिली, आणि त्याच हाताने कारकुनाच्या वहीचा नमुनाही लिहिला. कारण त्या सभेत बसलेल्या अनेकांनी आयुष्याची उमेदीची वर्षे जिल्हा न्यायालयांच्या ओसऱ्यांवर घालविली होती आणि न्याय कोठे अडतो हे त्यांना माहीत होते.

महाराष्ट्राने असली देखरेख पूर्वी पाहिलेली आहे. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकरी सावकारांवर उठले आणि पाहता पाहता दंगे पुणे व नगर जिल्ह्यांत पसरले. त्यांचा राग होता कर्जरोख्यांवर आणि त्या रोख्यांवरून मिळालेल्या हुकूमनाम्यांवर. ते कागद हिसकावून घेऊन जाळण्यात आले. त्या काळी हुकूमनाम्याची अंमलबजावणी फार संथ होत नव्हती. गरीब कुळाच्या अंगावर ती फार वेगाने कोसळत होती. १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने रकमेच्या हुकूमनाम्यापायी शेतकऱ्याला अटक करणे बंद केले, गहाण नसलेली त्याची जमीन जप्तीतून वगळली. आणि पुणे, सातारा, नगर, सोलापूर ह्या जिल्ह्यांतील दुय्यम न्यायालयांची तपासणी व फेरतपासणी करण्यासाठी विशेष न्यायाधीशाची योजना केली. १८९३ साली उच्च न्यायालयात जाण्यापूर्वी महादेव गोविंद रानडे ह्यांनी हेच काम केले. गावोगाव फिरती करावयाची, मुनसफाच्या कचेरीत बसून दप्तर काढावयाचे, निकाल वाचावयाचे. रमाबाईंच्या आठवणी ज्यांनी वाचल्या असतील त्यांना ती फिरती परिचित आहे. 

ह्या इतिहासाचा उल्लेख आम्ही केवळ अभिमानासाठी करीत नाही. आज अंमलबजावणीच्या वाटेवर ज्या नोटिशा, ज्या हरकती, जी सूट दिसते, तिचा बराच भाग दुबळ्या ऋणकोविषयीच्या कळवळ्यातून आला आहे. शेतकऱ्याचे बैल व अवजारे, कारागिराची हत्यारे आजही जप्त करता येत नाहीत, आणि येऊही नयेत. म्हणून ‘अंमलबजावणी झटपट करा’ एवढीच आरोळी ठोकणाऱ्यांत आम्ही नाही. मात्र ज्या कुंपणाआड गरीब कुळाने आसरा घ्यावा म्हणून ते घातले गेले, त्याच्या आड आज कोण उभे आहे ते पाहावे. जो चार वकील देऊ शकतो, जो प्रत्येक हुकुमावर वरच्या न्यायालयात धाव घेऊ शकतो, ज्याला वेळ म्हणजेच पैसा, तो. आणि कुंपणाबाहेर ताटकळत उभी आहे वाट्याची जमीन न मिळालेली विधवा, किंवा आयुष्याची पुंजी बांधकाम करणाऱ्याकडे अडकलेला निवृत्त मास्तर.

आजची देखरेख कशी चालते? प्रत्येक न्यायालयाकडून विवरणपत्रे जातात. प्रत्येक न्यायाधीशाने किती काम उरकले ह्याचे गुण, ज्यांना न्यायालयीन भाषेत युनिट म्हणतात, मोजले जातात. जिल्हा न्यायाधीश तपासणीला येतात. जिल्ह्याचे पालक न्यायमूर्तीही येतात. ह्या भेटींना आम्ही निरुपयोगी म्हणणार नाही. परंतु पाहुणा कळवून येणार असला की घर आवरले जाते, फडक्यात बांधलेले गठ्ठे रांगेत लागतात, आणि सत्कार, पुष्पगुच्छ, वकील संघाचे निवेदन ह्यांत भेटीचा दिवस सरतो. गठ्ठ्याची गाठ सोडून, हा कागद ह्या टेबलावरून त्या टेबलावर जाण्यास सात महिने का लागले, असे विचारण्यास त्यात किती अवधी उरत असेल? २०१५ पासून राष्ट्रीय न्यायिक माहिती जाळ्यावर देशातील खालच्या न्यायालयांची आकडेवारी कोणालाही पाहावयास मिळते. साडेचार कोटींहून अधिक प्रकरणे जिल्हा व दुय्यम न्यायालयांत आहेत, त्यांतली पन्नास लाखांच्या वर महाराष्ट्रात आहेत, हे आपण घरबसल्या वाचू शकतो. ही मोठीच सुधारणा होय. बेलिफाच्या हाती भ्रमणध्वनी देऊन बजावणीची जागा व वेळ टिपण्याची सोयही झाली आहे. तरी एखाद्या तालुक्यात काढलेल्या शंभर नोटिशांपैकी पहिल्या खेपेस किती बजावल्या गेल्या, नक्कल सरासरी किती दिवसांत मिळाली, जिल्हाधिकाऱ्याकडे गेलेले वाटप किती वर्षांनी परतले, हे त्या जाळ्यात नागरिकाला दिसत नाही. जे मोजले जात नाही त्याचा जाब कोणी विचारीत नाही. 

आणि जे मोजले जाते ते कसे सजविले जाते, तेही सांगितले पाहिजे. दरखास्त निकाली निघाली म्हणजे धनकोला पैसे मिळाले असे मुळीच नाही. धनको दोन तारखांना हजर नव्हता, भत्ता भरला नव्हता, ऋणकोचा पत्ता दिला नव्हता, अशा कारणांवरून दरखास्त काढून टाकली तरी विवरणपत्रात ती ‘निकाली’ म्हणूनच जाते. हुकूमनाम्याची मुदत बारा वर्षांची. तेव्हा तोच धनको वर्षभराने तीच दरखास्त नव्या क्रमांकाने दाखल करतो. जुनी गेली, नवी आली. गुण मिळाले, माणूस तेथेच राहिला. सहा महिन्यांची मुदत आणि वर उत्तरदायित्वाची तलवार अशी ठेवली की हा मोह किती वाढेल हे सांगावयास ज्योतिषी नको. सहा महिन्यांत निघालेल्या त्या ३ लाख ३८ हजार प्रकरणांपैकी किती धनकोंच्या हाती खरोखर काही पडले, हा प्रश्न आम्हांस एकूण आकड्याहून महत्त्वाचा वाटतो. जुन्या काळच्या न्यायखात्याच्या अहवालांत दरखास्तींचे पूर्ण वसुली, अंशतः वसुली आणि निष्फळ असे वर्गीकरण असे. परक्या सरकारच्या कारकुनाला जो भेद सुचला, तो स्वराज्यातल्या संगणकाला सुचण्यास हरकत नसावी.

न्यायालयांना वेळेची बंधने घालण्याच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाचेच मन गेली पंचवीस वर्षे हेलकावे खात आले आहे. २००२ साली सात न्यायमूर्तींच्या पीठाने फौजदारी खटल्यांना सरसकट कालमर्यादा घालणे नाकारले. २०२१ साली दरखास्त सहा महिन्यांत संपवावी, लांबल्यास कारणे लेखी द्यावीत, असे सांगितले गेले. फेब्रुवारी २०२४ मध्ये पाच न्यायमूर्तींच्या पीठाने म्हटले की, अमुक प्रकरण अमुक दिवसांत संपवा असे आदेश वरच्या न्यायालयांनी सहसा देऊ नयेत. प्रत्येक न्यायालयाची परिस्थिती तेथल्या न्यायाधीशाला ठाऊक असते. त्याच पीठाने सहा महिन्यांनी स्थगिती आपोआप उठण्याचा २०१८ चा नियमही रद्द केला. आणि २०२५ मध्ये पुन्हा सहा महिने, तेही साऱ्या देशासाठी. खालच्या न्यायाधीशाने ह्यांपैकी कोणत्या वाक्यावर बोट ठेवून चालावे?

वरून अधिक देखरेख झाली तर खालचा न्यायाधीश भेदरून जाईल, त्याच्या स्वातंत्र्याला बाध येईल, असा आक्षेप घेणारे आहेत आणि तो आम्ही हलका लेखीत नाही. गुणांच्या धास्तीने घाईघाईने दिलेला निकाल हा उशिराने दिलेल्या निकालाइतकाच पक्षकाराचा घात करतो. परंतु हा आक्षेप लागू पडतो तो न्यायाधीशाच्या निर्णयावर नजर ठेवणाऱ्या देखरेखीला. नाझराच्या वहीत नोटीस कोणत्या दिवशी आली आणि कोणत्या दिवशी बेलिफास दिली, हे विचारल्याने कोणत्या न्यायाधीशाच्या स्वातंत्र्याला धक्का लागतो? उलट तो मोकळा होतो. मुंबई उच्च न्यायालयाच्या दिवाणी मॅन्युअलमध्ये नाझर, बेलीफ, वह्या आणि नोंदी ह्यांचे तपशीलवार नियम पूर्वीपासून आहेत. नवा कायदा लागत नाही, घटनादुरुस्ती लागत नाही. उच्च न्यायालयाच्या प्रशासकीय शाखेने प्रत्येक जिल्ह्यात न कळविता जावे, पाच वर्षांहून जुन्या पन्नास दरखास्ती काढाव्यात आणि प्रत्येकीचा कागद कोणत्या टेबलावर किती दिवस निजला तेवढे लिहून आणावे. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे फिरते पीठ बसू लागले आहे. सहा जिल्ह्यांच्या लोकांनी त्यासाठी दशकानुदशके आंदोलन केले ते अपिलांसाठी. पण न्यायमूर्ती जवळ आले तर त्यांची नजरही जवळ यावी, अशी अपेक्षा करणे गैर नाही.

राज्य सरकारला ह्या प्रकरणी प्रेक्षकाची जागा घेता येणार नाही. बेलीफ व कारकून उच्च न्यायालयाच्या शिस्तीत असतात. त्यांची पदे मंजूर करण्याची व पगार देण्याची किल्ली मंत्रालयात असते. दहा लाख लोकांमागे पन्नास न्यायाधीश असावेत ही विधि आयोगाची १९८७ सालची शिफारस, २००२ साली सर्वोच्च न्यायालयाने ती पाच वर्षांत अमलात आणावयास सांगितली. देश अजून तिच्या निम्म्यापर्यंतही पोचलेला नाही. त्याहून लाजिरवाणी गोष्ट अशी की सरकार स्वतःच एक मोठा ऋणको आहे. धरणासाठी, रस्त्यासाठी जमीन घेतली, न्यायालयाने वाढीव मोबदला दिला, आणि शेतकरी दरखास्त घेऊन वर्षानुवर्षे फिरतो आहे, हे दृश्य मराठवाड्यात कोणालाही नवे नाही. सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्याला संहितेने तीन महिन्यांची सवलत दिलेली आहे; ती संपून वर्षे लोटतात. मग एके दिवशी बेलीफ जिल्हाधिकाऱ्याच्या कचेरीत जाऊन खुर्ची आणि संगणक जप्त करतो, वर्तमानपत्रांत छायाचित्र येते, कचेरीत धावपळ होते, थोडी रक्कम भरली जाते आणि खुर्ची परत मिळते. आम्हीही ते छायाचित्र छापतो. उरलेल्या रकमेचे काय झाले हे विचारण्यास मात्र जात नाही, ही आमची कसूर आम्ही कबूल करतो. १८९४ च्या भूसंपादन कायद्याखालील अशा वाढीव मोबदल्यावर पहिल्या वर्षानंतर दरसाल शेकडा १५ व्याज चढते. कोणत्याही पेढीत मिळणार नाही असे हे व्याज करदात्याच्या खिशातून जाते, केवळ कोणी वेळेवर सही केली नाही म्हणून.

उच्च न्यायालयाने खाली पाहावे तसे क्षणभर आपल्या अंगणातही पाहावे. दरखास्त न्यायालयाच्या जवळजवळ प्रत्येक महत्त्वाच्या हुकुमावर रिट अर्ज होतो, अंतरिम स्थगिती मिळते, आणि पुढे तो अर्ज बोर्डावर येण्याची वाट पाहत राहतो. न्यायमूर्तींची मंजूर पदे ९४. ती सगळी भरलेली असणे हा अपवाद. २०२० साली तर ह्याच उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद पीठाने जाहीर केलेल्या एका आदेशाची कारणे सुमारे नऊ महिन्यांनी बाहेर आली म्हणून सर्वोच्च न्यायालयाने नापसंती व्यक्त केली होती. २०२४ च्या निकालानंतर स्थगिती आपोआप उठत नाही. ती कोणीतरी हाती घेऊन तपासावी लागते. तेव्हा जिल्ह्याजिल्ह्यांतून दरखास्तींचे जे तक्ते मागविले जातील, त्यांत एक रकाना असाही असावा, की ह्यांपैकी किती दरखास्ती उच्च न्यायालयाच्याच स्थगितीमुळे थांबल्या आहेत आणि ती स्थगिती कोणत्या तारखेची आहे. हा रकाना खालच्या न्यायालयांनी भरावा, आणि त्याचे उत्तर वरून यावे.